साक्षीची रेघ

ज्या वर्षी डीनाचं दुसरं लग्नही मोडलं आणि ती आपलं नखं रंगवायचं टेबल, दिवा आणि नेलपॉलिशच्या शंभरेक बाटल्या गाडीत घालून प्वेब्लो या पोलादाच्या गावी बापाच्या घरी परत आली, त्या वर्षीच्या ऑक्टोबरातली ही गोष्ट. तिचा बाप रूडी कोचेव्हर तेव्हा शहात्तर वर्षांचा होता. बायको जाऊन सहा वर्षं झाली होती. घरात आपल्या एकट्याच्या खोकल्याची त्याला सवय झाली होती, आणि आता पुढच्या खोलीत रोज कुणी ना कुणी बाई हात पसरून बसलेली असे आणि डीनाचं हसणं भिंतीतून ऐकू येई. रूडीचं राज्य मागच्या गॅरेजात. तिथं त्याचं कामाचं टेबल, वस्तू पकडायचा वाइस, त्याच्या बापाच्या वेळचं लोखंडी स्टूल आणि भिंतीवर काच लावून टांगलेला, बंदुका दुरुस्त करायचा सरकारी परवाना. पोलाद कारखान्यात लेथवर एकतीस वर्षं काढल्यावर त्याने हे काम धरलं होतं. जुने पोलीस, हरणाची शिकार करणारे, गुरुवारच्या नेमबाजीच्या मंडळातले सगळे त्याच्याकडे येत. रूडीने आवळलेला स्क्रू सुटत नाही असं ते एकमेकांना सांगत, आणि आवळून झाल्यावर रूडी स्क्रूच्या डोक्यावरून शेजारच्या धातूवर रंगाची एक केसाएवढी रेघ ओढी. स्क्रू जरा जरी फिरला तरी रेघ तुटते, लगेच कळतं. मंडळात तिला साक्षीची रेघ म्हणत. पूर्वी तो बाजारातला पांढरा रंग वापरी. डीना आल्यापासून तिच्या बाटल्यांतली एखादी उचलून आणी, आणि जेलमधले निवृत्त शिपाई आपल्या पिस्तुलावर गुलाबी रेघ घेऊन फिरत.

गुरुवारी दुपारी एलॉय आर्चुलेता आला. एलॉयने जिल्ह्याच्या तुरुंगात अठ्ठावीस वर्षं पहारा केला होता आणि रूडीबरोबर मंडळात तीस वर्षं. बाहेर कोपऱ्यावर मिरच्या भाजायचं पिंप फिरत होतं, हिरव्या मिरच्यांचा खरपूस वास गॅरेजात भरला होता. एलॉयच्या एका हातात पिस्तुलाची पिशवी होती आणि दुसऱ्या हातात मुठीएवढं काळं खोकं, ते त्याने टेबलावर ठेवलं आणि त्याच्यावर हात ठेवून उभा राहिला.

"हसायचं नाही," तो म्हणाला.

"काय आहे?"

"आधी शब्द दे."

रूडीने त्याचा हात बाजूला केला आणि खोकं उघडलं. आत स्पंजात बसवलेली रेड डॉटची काच होती. पिस्तुलाच्या पाठीवर बसवायची, अंगठ्याच्या पेराएवढी खिडकी. तिच्यातून बघितलं की समोरच्या वस्तूवर लाल ठिपका तरंगताना दिसतो. ठिपका जिथं, गोळी तिथं.

"म्हाताऱ्या," रूडी म्हणाला, "शेवटी टीव्ही घेतलास."

"टीव्ही तू म्हणायचास. मी कधी म्हटलं नाही."

"तू म्हणायचास, ज्याला नळीच्या टोकावरची नेमाची माशी दिसत नाही त्याने घरी बसून विणकाम करावं."

"म्हटलं असेल. पण विणकाम मला येत नाही." एलॉयने टोपी काढली, पुन्हा घातली. "माशीला लव फुटलीय, रूडी. नळीच्या टोकावर सुरवंट बसल्यासारखा दिसतो. मागच्या वर्षी एका गोळीने वाचलो. या वर्षी पाच तारखेला नेमाची परीक्षा आहे, नोव्हेंबरच्या पहिल्या शनिवारी. नापास झालो तर पिस्तूल बाळगायचं कार्ड परत करावं लागेल. पंचवीस वर्षांचा होतो तेव्हापासून कमरेला वजन आहे. ते नसलं तर मी डावीकडे कलंडून चालेन, लोक म्हणतील पितो."

"पितोस की."

"ते घरी."

एलॉयने पिस्तूल काढलं, मॅगझिन बाहेर, वरचा सरकता भाग मागे ओढून अडकवला, आत बघितलं आणि उघडंच रूडीच्या हातात दिलं. रूडीनेही आत बघितलं आणि करंगळी घालून चाचपलं. तीस वर्षांचे मित्र असले तरी हे असंच. देणाऱ्याने बघायचं, घेणाऱ्यानेही बघायचं, आणि दोघांनी तोंडाने म्हणायचं.

"रिकामं."

"रिकामं."

एलॉय गेल्यावर रूडीने दिवा खाली ओढला आणि कामाला लागला. हे काम त्याच्या हातांना पाठ होतं. ठिपक्याला तो टीव्ही म्हणे खरा, पण दहा वर्षांत त्याने शेकड्यांनी बसवले होते, स्वतःच्या पिस्तुलावर मात्र एकही नाही. वरचा भाग सोडवून वाइसमध्ये चामड्यात धरायचा. झाकणाची पट्टी काढायची, तिच्या जागी काचेची बैठक. स्क्रूच्या भोकांतलं तेल स्पिरिटने पुसायचं, दोनदा पुसायचं, कारण तेलावर गोंद धरत नाही आणि काच दोनशे गोळ्यांनी हलायला लागते. मग प्रत्येक स्क्रूला निळ्या गोंदाचा एक थेंब, आणि ठरावीक जोर आला की टक् असा आवाज करणारा पाना. पुडीत स्क्रूच्या दोन लांबी होत्या, फरक तांदळाच्या अर्ध्या दाण्याएवढा. डावीकडे लांब, उजवीकडे आखूड. उजव्या भोकाच्या तळाशी, रिकामं काडतूस ओढून बाहेर फेकणाऱ्या आकड्याची कांडी असते. लांब स्क्रू तिथं गेला तर कांडीवर टेकतो, आकडा दबतो आणि पाच-सात गोळ्यांनी पिस्तूल अडतं. नवीन माणसाला हे तो दरवेळी सांगे. पूर्वी दोन स्क्रू तळहातावर ठेवले की दिसत. आता त्याने ते अंगठा आणि तर्जनीत धरून नखाने मोजले, आणि आपण डोळे मिटून मोजतो आहोत हे त्याच्या ध्यानात आलं नाही.

सगळं झाल्यावर त्याने बटण दाबलं आणि पिस्तूल समोरच्या पांढऱ्या भिंतीकडे धरलं. ठिपका नव्हता. काचेवर कुणी तरी पिकलेली चेरी अंगठ्याने चिरडल्यासारखा लाल डाग होता, उजवीकडे वर शेपूट गेलेला, आणि शेपटाच्या बाजूला दोन-तीन फिकट बिया. रूडीने पिस्तूल खाली ठेवलं. चष्मा काढून पुसला, काच फुंकर मारून पुसली, पुन्हा धरलं. चेरी तिथंच. उजेड कमी केला तर ती आक्रसली पण गोल झाली नाही. गॅरेजच्या दाराशी जाऊन त्याने समोरच्या विजेच्या खांबावर नेम धरला. खांबावर चेरी.

आता यावर एक साधी परीक्षा आहे आणि ती रूडीने किती जणांना शिकवली असेल याचा हिशेब नाही. काच खराब आहे म्हणत लोक येत. रूडी म्हणे, पिस्तूल आडवं करून बघ. डागाचं शेपूट पिस्तुलाबरोबर फिरलं तर दोष काचेचा. पिस्तूल फिरलं आणि शेपूट जागच्या जागी राहिलं तर दोष तुझ्या डोळ्याचा, घरी जा आणि बायकोला गाडी चालवू दे. यावर मंडळात सगळे हसत, रूडी सगळ्यांत जास्त. मनगट वळवायचं एवढंच काम. रूडी दारात उभा राहिला, पिस्तूल दोन्ही हातांत सरळ धरलेलं, मिरच्यांचा धूर डोळ्यांत जात होता, आणि त्याने मनगट वळवलं नाही. धूर आहे, तो मनात म्हणाला. मग म्हणाला, काच सदोष आहे, हल्ली कारखान्यांत कोण बघतं. त्याने काच सोडवून खोक्यात घातली, कंपनीला फोन लावला, तिकडच्या मुलीने गोड आवाजात माफी मागितली आणि नवी काच आठवड्यात येईल म्हणाली. फोन ठेवल्यावर रूडीला फार बरं वाटलं. आपण कुणाला तरी दोष दिला आणि तो त्या मुलीने लगेच घेतला, याचं ते बरं वाटणं होतं.

त्या आठवडाभरात त्याला बाप सारखा आठवत राहिला, आणि तो आठवला की रूडी उठून काही तरी करी, पाणी पिई, किंवा फडक्यांच्या घड्या घाली. बाप योझे कोचेव्हर रूळ सरळ करायच्या विभागात होता. लाल रूळ निवून काळे झाले की थोडे वाकलेले असत, ते दाबयंत्राखाली सरळ करायचे. बाप गुडघ्यावर बसून गाल रुळाला लावी आणि एक डोळा मिटून त्याच्या लांबीवरून बघे. एकोणचाळीस फूट लोखंडात केसाएवढा बाक त्याला दिसत असे. तो बोट दाखवी तिथं त्याचा जोडीदार मॅटी लेसार लोखंडी ठोकळा ठेवी आणि हात बाहेर काढी, मग बाप कळ ओढी आणि दाबयंत्र ठोकळ्यावर येई. दिवसातून कित्येक शे वेळा. मॅटी त्यांच्याच गल्लीतला, लग्नात अकॉर्डियन वाजवणारा, रूडीच्या आईच्या अक्रोड भरलेल्या गोड पावाचे, पोतित्साचे, दोन तुकडे खाऊन तिसरा खिशात घालणारा. बापाच्या डोळ्याबद्दल गल्लीत सगळ्यांना अभिमान होता. रविवारी चर्चबाहेर लोक त्याला कुंपणाचे खांब दाखवून विचारत, योझे, सरळ आहेत का. बाप एक डोळा मिटून म्हणे, तिसरा नाही.

बारा वर्षांच्या रूडीला मात्र माहीत होतं. त्या उन्हाळ्यापासून बाप आलेली पत्रं त्याच्याकडून वाचून घेऊ लागला होता, इंग्रजी सुधारेल तुझं म्हणून. जिन्यावर हात भिंतीला लावून उतरे. एका रविवारी दोघे नदीच्या पलीकडे सशांवर गेले होते. बापाने रायफल खांद्याला लावली, बराच वेळ धरली आणि मातीच्या ढेकळावर झाडली. ससा त्या ढेकळापासून दहा हातांवर बसलेला होता, आवाजाने तो उठून सावकाश गेला. परत येताना पुलावर बाप म्हणाला, "आईला सांगू नकोस." रूडीने विचारलं नाही काय सांगायचं नाही. त्याला बापाच्या गुपितात वाटा मिळाल्याचा आनंद झाला होता, मोठं झाल्यासारखं वाटलं होतं. तो आनंद नंतर त्याला आठवे तेव्हा कानांच्या पाळ्या गरम होत, अजूनही होत. कारण त्यानंतर तेराव्या दिवशी, शनिवारी, बापाने कळ ओढली तेव्हा मॅटीचा हात ठोकळ्यावरच होता. साहेबांनी विचारलं. बाप म्हणाला, हात बाहेर होता, मी पाहिलं. रात्री साहेबांची गाडी दाराशी आली होती आणि स्वयंपाकघरात बापाने तेच पुन्हा सांगितलं, मी पाहिलं, आणि हे सांगताना तो साहेबांच्या तोंडाकडे बघत नव्हता, त्यांच्या कानाच्या थोडं पलीकडे बघत होता, आणि जिन्यावर बसलेल्या रूडीला समजलं की त्याला साहेब कुठे बसलेत तेही नीट दिसत नाही.

नवी काच सव्वीस तारखेला आली. रूडीने सकाळीच बसवायला घेतली, ऊन गॅरेजात तिरपं येत होतं, चांगला उजेड होता. बैठक बसली. स्पिरिट, गोंद. डावा स्क्रू गेला, टक्. उजवा स्क्रू जाताना त्याच्या बोटांना काही तरी कळलं. डोकं बैठकीला टेकायच्या अर्धा फेरा आधीच तळाशी काही तरी नरम लागलं, दातात अडकलेल्या तंतूसारखं. हात थांबला. पूर्वीचा रूडी असता तर तिथंच सोडून दोन्ही स्क्रू पुन्हा मोजले असते. पण सोडलं तर बघावं लागलं असतं. गोंद जास्त झाला असेल, त्याने स्वतःला सांगितलं आणि पान्यावर जोर दिला. टक्. मग ठिपका पेटवला. चेरी. तीच, त्याच बाजूला झुकलेली, शेपूट उजवीकडे वर, त्याच दोन-तीन बिया. दोन निरनिराळ्या काचांत एकच डाग, आणि तरी रूडीने स्वतःला आणखी एक वाक्य बोलू दिलं, की एकाच दिवशी बनलेल्या असतील. डीनाच्या टेबलावरून उचललेली लाल बाटली उघडून त्याने ब्रशच्या टोकाने दोन रेघा ओढल्या. हात अजिबात थरथरला नाही. हाताचा त्याला नेहमीच भरवसा होता.

दुपारी डीना कॉफी घेऊन आली आणि पिस्तुलाकडे वाकून बघायला लागली. ती नखांवर मुंगीएवढी फुलं काढणारी बाई, तिच्या नजरेतून काही सुटत नसे.

"बाबा, ही कुठली शेड?"

"तुझीच. लाल."

"ही लाल नाही, ही जांभळी आहे. आणि रेघ स्क्रूवर नाहीच. शेजारी नुसतीच धातूवर ओढलीयस."

"असू दे."

"अरे पण स्क्रू फिरला तर कळणार कसं? तूच सांगतोस ना सगळ्यांना."

"मला शिकवू नकोस," रूडी म्हणाला. "नवरा सांभाळता आला नाही, निघाली स्क्रू सांभाळायला."

डीनाने कॉफी टेबलावर ठेवली. ती रागावली असती तर बरं झालं असतं. ती म्हणाली, "थंड होईल, पी," आणि आत गेली. रूडी स्टुलावर बसून राहिला. आपण बोललो ते शब्द त्याच्याच कानात परत येत होते आणि आश्चर्य म्हणजे आवाज आपला नव्हता, बापाचा होता. त्या दुखापतीने मॅटी वारल्यावर आईने एकदा फक्त विचारलं होतं, योझे, डॉक्टरकडे जाऊन येऊ या का. तेव्हा बाप तिला म्हणाला होता, तुझ्या माहेरी सगळे आंधळे, तू मला सांगतेस. रुळाच्या विभागातून बापाने त्याच हिवाळ्यात बदली मागून घेतली, झाडायच्या कामावर. लोक म्हणाले, मॅटीच्या दुःखाने. गल्ली त्याला आणखी मान द्यायला लागली. पुढं तो पुरताच आंधळा झाला तेव्हाही लोक म्हणाले, रडून. आणि रूडी प्रत्येक वेळी शेजारी उभा होता, आधी बारा वर्षांचा, मग वीस, मग लग्न झालेला, आणि एकदाही बोलला नाही. मॅटीची बायको दोन घरं सोडून राहायची. तिच्या अंगणातला बर्फ रूडीने नऊ हिवाळे ओढला, पैसे घेतले नाहीत. ती म्हणायची, बापावर गेला आहेस.

एलॉय दुसऱ्या दिवशी चारच्या सुमाराला पिस्तूल न्यायला आला. बरोबर हिरव्या मिरचीच्या रश्श्यात बुडवलेले बर्गर, कागदी वाडग्यांत, झाकण लावून. "मजुरी," तो म्हणाला. रूडीने पिस्तूल उघडं करून त्याच्या हातात दिलं.

"रिकामं."

"रिकामं," एलॉय म्हणाला आणि वरचा भाग पुढे सोडून त्याने भिंतीवर नेम धरला. एक डोळा मिटला, मग दुसरा, मग दोन्ही उघडे ठेवून बघितलं. मान थोडी पुढे गेली, थोडी मागे आली. रूडी त्याच्या तोंडाकडे बघत होता.

"कसा आहे?" रूडीने विचारलं.

"छान."

"गोल?"

एलॉयने पिस्तूल खाली घेतलं. "गोल म्हणजे काय, गोलच. का? तुला कसा दिसला?"

"गोल," रूडी म्हणाला.

"झालं तर."

एलॉयने पिस्तूल पिशवीत घातलं, चेन लावली, रश्श्याचा थेंब टेबलावर सांडलेला बोटाने पुसून चाटला. रविवारी मैदानावर जाऊन पन्नास गोळ्या मारून बघतो म्हणाला, शनिवारच्या आधी हात बसला पाहिजे. मग त्याने दारात वळून रूडीला निरोप म्हणून टोपीला हात लावला, आणि नेमकं त्या वेळी त्याची नजर रूडीच्या कानाच्या थोडी पलीकडे लागलेली होती, कारण दारातल्या उन्हातून बघताना त्याला सावलीतलं नीट दिसत नव्हतं. बस, एवढंच. रूडीच्या बोटांत उजव्या स्क्रूच्या तळाशी लागलेला तो नरमपणा परत आला. कालपासून तो तिथंच होता, कॉफीच्या कपाभोवती होता, झोपेत उशीखालच्या हातात होता. रविवारी नाही अडलं, शनिवारी नाही अडलं, तर कधी तरी अडेल. एलॉय एकटा राहतो, पूर्वेकडच्या गल्लीत, तुरुंगातून सुटलेले दोघे-तिघे त्याला नावाने ओळखतात. त्या वेळी तो या पिस्तुलाकडे बघेल आणि म्हणेल, रूडीने बसवलंय.

"एलॉय," रूडीने हाक मारली. त्याला वाटलं आपण मोठ्याने ओरडलो, पण आवाज नेहमीसारखाच आला. "ते इकडे दे जरा."

"का? बर्गर निवेल."

"दे."

पिस्तूल पुन्हा उघडं होऊन हातात आलं. रिकामं. रिकामं. रूडीने वरचा भाग पुढे सोडला, दारात जाऊन उभा राहिला, समोरच्या विजेच्या खांबावर नेम धरला आणि मनगट वळवलं. पिस्तूल आडवं झालं, खिडकी आडवी झाली. चेरीचं शेपूट जिथं होतं तिथंच राहिलं, उजवीकडे वर. त्याने दुसऱ्या बाजूला वळवलं. शेपूट हललं नाही. साठ-पासष्ट वर्षं आपण जी गोष्ट टाळत आलो ती किती लहान आहे, असं त्याला वाटलं. ती मनगटाएवढी होती, वळायला क्षणही लागला नव्हता.

"मला गोल दिसत नाही," तो म्हणाला. पाठ एलॉयकडेच होती. "पहिल्या काचेतही दिसला नाही. काच चांगली होती. मी खोटं बोललो. उजवा स्क्रू मी बघून घातलेला नाही, तो लांब असेल कदाचित. रेघही चुकलीय."

मागे कागदी वाडगा सरकला. मग खुर्ची ओढल्याचा आवाज आला.

"मला तीन दिसतात," तो म्हणाला.

"काय तीन?"

"ठिपके. तीन, आणि एकाला मिशा. मी म्हटलं, रूडी गोल म्हणतोय म्हणजे हे असेच असत असतील. नवीन वस्तू. आपल्याला काय कळतं."

रूडी वळला. एलॉय वाडग्याचं झाकण उघडून रश्श्याकडे बघत बसला होता, कुणी रागावल्यावर मूल बसतं तसा.

"मूर्ख," रूडी म्हणाला. "तीन दिसत होते आणि घेऊन चालला होतास?"

"तू बसवलं होतंस ना."

रूडी स्टुलावर बसला आणि त्याने डीनाला हाक मारली. ती ओले हात पुशीत आली. कालच्या बोलण्यानंतर दोघांत जेवणाखाणापलीकडे शब्द झाला नव्हता. रूडीने पिस्तूल तिच्याकडे सरकवलं आणि म्हणाला, "बघ तो ठिपका. खरं सांग." डीनाने बघितलं. "गोल आहे," ती म्हणाली, "छोटासा. टाचणीच्या डोक्यासारखा. का?" दोघे म्हातारे एकमेकांकडे बघून हसायला लागले, आणि एलॉयला ठसका लागला तरी हसणं थांबेना, आणि डीना एकदा याच्याकडे एकदा त्याच्याकडे बघत राहिली आणि बापाच्या डोळ्यांना पाणी आलं ते हसण्याचं की कसलं हे तिने विचारलं नाही.

स्क्रू तिने काढले. रूडी शेजारी बसून सांगत गेला, आधी गोंद गरम कर, जोर लावू नकोस, आता सुटेल. उजवा स्क्रू बाहेर आल्यावर तिने दोन्ही तळहातावर ठेवले आणि म्हणाली, "हा लांब. हा आखूड. बाबा, उलटे होते." रूडीने मान हलवली. मग तिने भोकं पुसली, दोनदा, आखूड उजवीकडे लांब डावीकडे घातला, पाना टक् झाला तेव्हा दचकली आणि हसली. शेवटी रेघ. ती पुढच्या खोलीत जाऊन पाच बाटल्या घेऊन आली आणि एलॉयला म्हणाली, निवडा काका. एलॉयने हिरवी निवडली, मिरचीची. तिने श्वास रोखला आणि स्क्रूच्या डोक्यावरून धातूवर अशी रेघ ओढली की रूडीला ती दिसली नाही, पण ब्रश उचलल्यावर डीनाने सोडलेला श्वास त्याने ऐकला आणि त्याला कळलं की नीट झाली आहे.

"काल मी बोललो ते," तो म्हणाला.

"बाटली जांभळी होती," डीना म्हणाली. "मला राग त्याचा आला. ती महाग आहे."

ती आत गेल्यावर रूडीने एलॉयला मॅटी लेसारचं सांगितलं. ससा, पूल, कळ, साहेबांची गाडी. इतक्या वर्षांत बायकोलाही सांगितलं नव्हतं. सांगायला पाचच मिनिटं लागली असतील, त्याला वाटलं होतं बराच वेळ लागेल. एलॉयने ऐकून घेतलं. तुरुंगात त्याने खूप माणसांचं ऐकलं होतं आणि कुणाला काय म्हणू नये हे त्याला ठाऊक होतं. तो म्हणाला नाही, तू लहान होतास. त्याने रूडीचा वाडगा त्याच्यापुढे सरकवला आणि म्हणाला, "मॅटी. अकॉर्डियन वाजवायचा म्हणतोस?" रूडी म्हणाला, "वाजवायचा. चांगलं नाही, पण मोठ्याने." मग दोघे गार झालेले बर्गर खात बसले, आणि बाहेर मिरच्यांचं पिंप फिरत होतं.

डीनाने दोघांना एकाच दिवशी डोळ्यांच्या डॉक्टरकडे नेलं, मागच्या सीटवर बसवून. रूडीला दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू निघाला. डॉक्टर तरुण होता, म्हणाला, साधी गोष्ट आहे, आधी का आला नाहीत. रूडी त्याच्या भिंतीवरच्या डोळ्याच्या चित्राकडे बघत राहिला आणि बापाच्या डोळ्यांत काय होतं हे आता कधीच कळणार नाही, एवढंच त्याच्या मनात आलं. एलॉयला नवा चष्मा लिहून मिळाला, पण शनिवारपर्यंत तो काही तयार झाला नाही. एलॉयने परीक्षा तीन ठिपक्यांवर दिली, मधल्याने नेम धरून, आणि चार गोळ्या राखून पास झाला. पिस्तूल एकदाही अडलं नाही. रूडीचं ऑपरेशन जानेवारीत झालं. त्यानंतर महिनाभराने त्याने एलॉयचं पिस्तूल मागून घेतलं, भिंतीवर धरलं, आणि लाल ठिपका टाचणीच्या डोक्यासारखा होता. मग त्याने ते तिरपं करून हिरवी रेघ बघितली. ती त्याच्या कुठल्याही रेघेपेक्षा सरळ होती. त्यानंतर रेघा डीनाच ओढत असे, आणि रूडी प्रत्येक पिस्तूल परत देण्याआधी तिला आत बघायला सांगे, स्वतःही बघे, आणि मगच रिकामं म्हणे.

मॅटी लेसार एकोणीसशे अठ्ठावन्न सालच्या ऑक्टोबरच्या एकवीस तारखेला, मंगळवारी, इस्पितळात वारला. योझे कोचेव्हर त्यानंतर सोळा वर्षांनी मार्चमध्ये गेला. एलॉय आर्चुलेता गेला तो काच बसवल्यानंतरच्या तिसऱ्या वर्षी, एप्रिलच्या सहा तारखेला, आपल्या घरी, झोपेत.